शब्दचर्चा: ‘फ्रीहोल्डर’ला मराठीत काय म्हणावे?

दौतलेखणी: स्कॉटलंडमधल्या ब्यूटशायर मतदारसंघावर टिपण लिहितोय. १८३२ पर्यंत तिथे मताचा हक्क फक्त ‘फ्रीहोल्डर’ना होता. मी ‘जमीनमालक’ लिहिलं, पण वाचताना खटकतंय. दुसरं म्हणजे, १७०८ पासून ब्यूट आणि केथनेस या दोन काउंट्या (जिल्ह्यासारखे विभाग) मिळून खासदार एकच. एका संसदेत ब्यूटचा, पुढच्या संसदेत केथनेसचा. याला सुटसुटीत शब्द? आणि ‘माजी मतदारसंघ’ चालेल का?

बखरबहाद्दर: ‘जमीनमालक’ अजिबात नको, सगळा घोळ तिथेच आहे. मताचा हक्क जमीन कसणाऱ्याला नव्हता आणि ती विकत घेणाऱ्यालाही मिळेलच असं नव्हतं. तो होता थेट राजाकडून जमीन धारण करणाऱ्याला, म्हणजे कागदोपत्री वरिष्ठ हक्क ज्याच्याकडे त्याला. जमीन एकाला विकायची, वरिष्ठ हक्क स्वतःकडे ठेवायचा, मग त्याचे तुकडे करून भरवशाच्या माणसांच्या नावावर चढवायचे, की झाले नवे मतदार तयार! अशांना तिथे हिणवून ‘कागदी सरदार’ म्हणत. मी ‘सनदी मतदार’ म्हणेन. ‘वतनदार’ नको, वतनाबरोबर गावकीची चाकरी येते, इथे कसली चाकरी?

तेव्हा ब्यूटची लोकसंख्या सुमारे १४,००० आणि मतदार २१. त्यातला त्या काउंटीत राहणारा एकच! १८३१ च्या मताधिकार-सुधारणेच्या वादात लॉर्ड ॲडव्होकेटने (स्कॉटलंडच्या मुख्य सरकारी वकिलाने) पार्लमेंटात तिथल्या एका निवडणुकीचा किस्सा सांगितला होता. शेरिफ (काउंटीचा न्यायाधीश) आणि निवडणूक अधिकारी सोडले तर सभेला एकच मतदार हजर. त्याने अध्यक्षपद घेतलं, यादी वाचली, स्वतःच्या नावाला स्वतःच ‘हजर’ म्हटलं, स्वतःचं नाव सुचवलं, अनुमोदनही दिलं आणि निवडून आला. ‘एकमताने’ हा शब्द इतका शब्दशः क्वचितच खरा ठरला असेल.

शेवंता: 😂 जोडीसाठी ‘आळीपाळीचा मतदारसंघ’ घ्या. ‘संयुक्त’ म्हटलंत तर दोघांनी मिळून मत दिलं असं वाटेल. ब्यूट क्लाइडच्या खाडीतली बेटं, केथनेस पार ईशान्य टोकाला, एकमेकांशी संबंध काय? संसद सात वर्षं चालली तर तेवढा काळ एका काउंटीला खासदारच नाही. नेर्न-क्रोमार्टी आणि क्लॅकमॅनन-किनरॉस याही अशाच जोड्या होत्या.

बखरबहाद्दर: +१. बाकीच्या २७ काउंट्यांना स्वतंत्र जागा, या सहांना मिळून तीन. असे ३० काउंटी-खासदार.

शेवंता: ‘माजी’ माणसाला ठीक, आमदार-खासदाराला. आपण ‘माजी राजापूर लोकसभा मतदारसंघ’ म्हणतो का? ‘पूर्वीचा राजापूर’ म्हणतो. तसंच ‘पूर्वीचा ब्यूटशायर मतदारसंघ’. फक्त १८३२ ला तो संपला असं लिहू नका. तेव्हा उलट त्याला दर संसदेत स्वतंत्र जागा मिळाली. रद्द झाला तो १९१८ मध्ये, उत्तर एअरशायरला जोडून.

दौतलेखणी: ‘सनदी मतदार’ आणि ‘आळीपाळीचा’ दोन्ही उचलतोय. ‘काउंटी’ला मात्र ‘जिल्हा’ करणार नाही, क्रिकेटमुळे तो शब्द सगळ्यांना ठाऊक आहे.