ॲक्सेंट विकून मोठा झालेला लेखक? मला हे मान्य नाही

चौथी खिडकी
'उंबरा' यांनी परवा 'किम्स कन्व्हीनियन्स' या टोरोंटोतल्या कोरियन दुकानदार कुटुंबावरच्या विनोदी मालिकेबद्दल लिहिलं होतं, की तिचा लेखक इन्स चोईने बापाची मोडकी इंग्रजी गोऱ्यांना विकली, त्यावर नाव कमावलं आणि मालिका अडचणीत आल्यावर नटांना वाऱ्यावर सोडून निघून गेला. बाहेरून आलेल्या विनोदी लेखकाचं करिअर म्हणजे हेच, असं त्यांचं म्हणणं. दोन दिवस गप्प बसले. आता राहवत नाही.

चोई तान्हा असताना दक्षिण कोरियातून कॅनडात आला. ही मालिका ज्यावरून आली ते नाटक त्याने 2005 मध्ये फू-जेन या आशियाई-कॅनडियन नाट्यसंस्थेच्या लेखनगटात लिहायला घेतलं. टोरोंटोतल्या नाट्यसंस्थांनी नाकारलं. शेवटी 2011 मध्ये टोरोंटो फ्रिंज या नाट्यमहोत्सवात त्याने ते स्वतः उभं केलं, मुलाची भूमिकाही स्वतःच केली. पुढच्या वर्षी सोलपेपर या नाट्यसंस्थेने ते घेतलं आणि 2016 मध्ये सीबीसी या कॅनडाच्या सरकारी वाहिनीवर मालिका आली. म्हणजे पहिल्या कागदापासून पडद्यापर्यंत 11 वर्षं. झटपट टाळ्या हव्या असत्या तर वाकड्या इंग्रजीची पाच मिनिटं स्टँडअपमध्ये करून तो मोकळा झाला असता. एका दुकानदाराचं आख्खं घर त्याने कशाला उभं केलं असतं?

उंबरा
11 वर्षं लागली म्हणून माल चांगला, हे कुठलं गणित? मुद्दा साधा आहे. अप्पांचं, म्हणजे दुकानदार बापाचं, काम करणारे पॉल सन-ह्युंग ली एरवी अगदी कॅनडियन इंग्रजी बोलतात. तो ॲक्सेंट मुद्दाम लावलेला आहे. 'सिम्पसन्स' या अमेरिकन कार्टून मालिकेतल्या अपू या भारतीय दुकानदाराचा आवाज हँक अझारिया हा गोरा नट मुद्दाम लावत होता, तेव्हा आपण सगळे चिडलो. 2017 मध्ये हरी कोंडाबोलू या भारतीय वंशाच्या विनोदवीराने त्यावर माहितीपट केला, 2020 मध्ये अझारियाने तो आवाज सोडला. मग इथे टाळ्या का? लेखक आशियाई आहे म्हणून?

गल्ला
हो, लेखक आशियाई आहे म्हणूनच. आमचं दुकान होतं. शाळा सुटली की मी काउंटरमागे. अण्णा दिवसाचे 14 तास उभे. गिऱ्हाईक तोंडावर त्यांची नक्कल करायचं आणि अण्णा सुटे पैसे मोजत राहायचे. अपूला पाहून लोक ज्या आवाजात हसायचे, तो आवाज मला ओळखीचा होता.

अप्पा वेगळे आहेत. दुकानासमोर नो पार्किंगमध्ये गाडी दिसली की ते पोलिसांना फोन करतात, पण फक्त जपानी गाडी असेल तर! इथे हसू ॲक्सेंटचं नाही. 1910 ते 1945 जपानने कोरियावर राज्य केलं, तो राग माणूस समुद्रापार घेऊन आलाय आणि आता तो एका होंडावर काढतोय, याचं आहे. हे बाहेरच्याला सुचणार नाही. अण्णा तो प्रसंग बघून खुर्चीतून पडायचे बाकी होते. त्यांच्याही अशा याद्या होत्या. कुणाच्या, ते इथे लिहीत नाही.

तिसरी पाळी
'गल्ला', तुमच्या अण्णांना हसू आलं, मला रडू आलं. मी इथे आल्यावर तीन वर्षं एका विमा कंपनीच्या फोनवर होते. टीम लीडरने पहिल्याच दिवशी सांगितलं, तुझं नाव लोकांना जमणार नाही, उद्यापासून तू मेरी. तरीही दर दहा-बारा फोनांमागे एक जण विचारायचाच, "इथलं कुणी आहे का बोलायला?"

ही मालिका घरात लागायला लागली आणि माझी मुलगी मला अप्पांच्या सुरात "ओके, सी यू" म्हणायला लागली. तिला ते प्रेमाचं वाटत होतं. मला पुन्हा हेडफोन लावल्यासारखं व्हायचं. लेखकाचा हेतू चांगला असेल. पण घराघरांत पोचला तो सूर. जपानचा इतिहास माझ्या मुलीपर्यंत पोचलाच नाही.

चौथी खिडकी
ताई, हे वाचून वाईट वाटलं. पण मुलीच्या वागण्याचा दोष लेखकावर कसा टाकायचा?

तिसरी पाळी
दोष टाकत नाहीये. किंमत कोणी मोजली ते सांगतेय. आणि "वाईट वाटलं, पण" असं कृपया म्हणू नका.

व्हिसा प्रलंबित
मुळात चोईला स्थलांतरित लेखक म्हणायचंच का? जो पाळण्यातून आला, तिथेच शाळा शिकला, त्याला ना व्हिसा ना मुलाखत. खरा स्थलांतरित लेखक म्हणजे मोठेपणी येणारा. अमेरिकेत ओ-1 व्हिसासाठी आधी असामान्य कामगिरी सिद्ध करा, वर संघटनेचं आणि निर्मात्यांच्या संस्थेचं अशी दोन मतपत्रं आणा. नवा लेखक कामगिरी आणणार कुठून? काम मिळालं तर नाव होणार, नाव झालं तर व्हिसा मिळणार, आणि व्हिसाशिवाय काम नाही. रायटर्स रूमची, म्हणजे लेखकांनी एकत्र बसून मालिका लिहायची, कामं आठवड्यांच्या करारावर. माझा मित्र दोन मालिकांच्या मधल्या रिकाम्या महिन्यांत व्हिसाचं स्टेटस जाईल या धास्तीने लिखाण सोडून जाहिरात कंपनीत नोकरीला लागला. त्याच्यावर कुणी धागा काढणार नाही.

गल्ला
अण्णांच्या काउंटरमागे वाढलेला मी तुमच्या लेखी स्थलांतरित नाही? हे ठरवणारे तुम्ही कोण? घरी फोन वाजला की नऊ वर्षांचा मी बँकेशी अण्णांच्या वतीने बोलायचो. तो व्हिसा नव्हता, पण मुलाखत रोज होती.

व्हिसा प्रलंबित
आवाज चढवू नका. मी कायद्याचं बोलतोय.

गल्ला
आणि मी घराचं.

कच्चा खर्डा
दोघंही जरा थांबा. खरी गोष्ट त्या रायटर्स रूममध्ये, लेखकांच्या खोलीत घडते आणि त्याबद्दल इथे एक ओळ नाही. मालिका नटांनी नाही, चोईनेही एकट्याने नाही बंद केली. 2020 मध्ये पाचव्यासोबत सहाव्या सीझनचीही घोषणा झाली होती. 2021 च्या मार्चमध्ये कळलं की चोई आणि सहनिर्माता केव्हिन व्हाइट दुसऱ्या कामांकडे वळताहेत म्हणून पाचवर थांबणार. 65 भागांवर गाडी थांबली. जूनमध्ये मुलाचं काम करणाऱ्या सिमू लिऊने जाहीर लिहिलं की निर्माते बहुतेक गोरे होते आणि लेखकांत पूर्व आशियाई जवळपास नव्हते. उम्माचं, म्हणजे आईचं, काम करणाऱ्या जीन यून यांनीही कोरियन लेखिका नसल्याचा आपल्याला किती त्रास झाला ते सांगितलं. आणि पुढची मालिका कुणावर निघाली? शॅननवर, मुख्य पात्रांतल्या एकमेव गोऱ्या बाईवर!

मी स्वतः अशा खोलीत बसलेय. 'आमच्यातली' एकटीच. उंधियोपासून अंत्यविधीपर्यंत सगळे प्रश्न मलाच. दिवसभर आख्ख्या उपखंडाची उत्तरं द्यायची आणि रात्री स्वतःचा सीन लिहायचा. 2023 मध्ये अमेरिकन लेखकांनी 148 दिवस संप करून खोलीत किमान किती लेखक हवेत ते करारात लिहून घेतलं, सात ते बारा भागांना पाच वगैरे. ते पाच कोण असावेत हे मात्र कुठल्याच करारात नाही.

उंबरा
तो अमेरिकेतला करार. कॅनडाची लेखक संघटना वेगळी आहे, तिथे तो लागू नाही. आणि चोई एकटा पडला म्हणून निघून जायचं? त्याच्या नावावर मालिका होती. ली, यून, अँड्रिया बँग, लिऊ, हे चौघं नट त्याच्या भरवशावर होते. खोलीत चुकीचं चाललं होतं तर त्याने बोलायला हवं होतं. नटांना बोलावं लागलं.

कच्चा खर्डा
हे मान्य करावं लागेल. मनाविरुद्ध करते, पण करते. मी तिसऱ्या महिन्यात गप्प बसायला लागले होते. माझ्या गप्प बसण्याने एका नटीला एक भयंकर सीन करावा लागला. तिने नंतर मला विचारलं, "तू होतीस ना खोलीत?" याला माझ्याकडे आजही उत्तर नाही.

उंबरा
तुम्ही निदान इथे सांगितलंत. ठीक आहे, जपानी गाडीचा मुद्दा माझ्या डोक्यातून निसटला होता. अपूशी तुलना मागे घेतो. नुसता ॲक्सेंट विकला, हेही मागे घेतो. सोडून गेला, हे मागे घेणार नाही.

तिसरी पाळी
मी काहीच मागे घेत नाहीये.

चौथी खिडकी
घेऊ नका. मीही मघाशी घाईने बोलले.

'उंबरा', एकच सांगते. 2024 च्या सुरुवातीला लंडनच्या पार्क थिएटरमध्ये हे नाटक पुन्हा झालं, तेव्हा अप्पांची भूमिका खुद्द चोईने केली. फ्रिंजला जो मुलगा होता, तो 13 वर्षांनी बापाच्या जागी काउंटरमागे उभा राहिला. सोडून गेलेला माणूस असा परत येत नाही, निदान मला तसं वाटतं.

गल्ला
हे माहीत नव्हतं. अण्णा असते तर त्यांना सांगितलं असतं.

तिसरी पाळी
लंडनचा प्रयोग कुणी पाहिलाय का? त्याने तो ॲक्सेंट कसा केला, मला खरंच जाणून घ्यायचंय.