मदत हवी आहे: दुचाकीवर मागे बसलेल्याचा अपघात दावा, गाडी चालवणाऱ्या मित्राला न अडकवता कसा करावा?

नमस्कार मंडळी,

माझा मामेभाऊ गेल्या महिन्यात मित्राच्या बाइकवर मागे बसून कात्रजहून वारज्याला येत होता. नवले पुलाच्या उतारावर लेन बदलताना एक टेम्पो त्यांना घासून गेला आणि दोघंही पडले. मित्राचं खरचटण्यावर निभावलं. भावाचं नडगीचं हाड मोडलंय, आत रॉड घातलाय. तो सीएनसी मशीनवर उभ्याने काम करतो, त्यामुळे सध्या पगार बंद. हेल्मेट दोघांनीही घातलं होतं.

बाइकला फक्त थर्ड पार्टी विमा आहे. त्यात मागे बसलेला येत नाही, असं कंपनीने सांगितलं. 2006 च्या तिलक सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयानेही तेच म्हटलंय. पॅकेज पॉलिसी (आपण फर्स्ट पार्टी म्हणतो ती) असती तर मागचाही त्यात आला असता, हे विमा नियामकाने 2009 मध्ये परिपत्रक काढून स्पष्ट केलंय. 15 लाखांचं अपघात कव्हर असतं ते मालक-चालकापुरतंच. गाडी जुनी झाली की घरोघरी नुसता थर्ड पार्टी काढतात आणि त्याच गाडीवर बायको-मुलांना मागे बसवतात. हे कळल्यापासून फार काळजी वाटतेय.

राहिला टेम्पो. त्याच्या विम्यासाठी भाऊ थर्ड पार्टीच आहे. नंबर पेट्रोल पंपाच्या सीसीटीव्हीत मिळाला आणि एफआयआरमध्ये आलाय. पण बाइकही भरधाव होती असा एका साक्षीदाराचा जबाब आहे. टेम्पोची विमा कंपनी त्यावरच बोट ठेवणार. दोन्ही गाड्यांची चूक असली तरी जखमी माणूस कुणाही एकाकडून पूर्ण भरपाई मागू शकतो, असा सर्वोच्च न्यायालयाचा 2015 चा खेन्येई निकाल आहे. मात्र पैसे भरणाऱ्याला नंतर दुसऱ्याच्या वाट्याची रक्कम त्याच्याकडून वसूल करायची मुभाही त्यात आहे. म्हणजे मित्राची विमा कंपनी हात वर करणार आणि ते पैसे त्याच्या खिशातून जाणार. हाच मित्र पतपेढीतून कर्ज काढून हॉस्पिटलचं डिपॉझिट भरून मोकळा झाला, रोज संध्याकाळी डबा घेऊन येतो. भाऊ म्हणतो, त्याच्यावर बोजा येणार असेल तर मला दावाच नको.

मोटार वाहन कायद्याच्या कलम 164 खाली गंभीर दुखापतीला अडीच लाख मिळतात, चूक कुणाची हे सिद्ध करावं लागत नाही. पण ते स्वीकारले की कलम 166 चा, म्हणजे चूक सिद्ध करून पूर्ण भरपाई मागण्याचा, मोठा दावा संपतो. पाय पूर्ववत झाला नाही तर अडीच लाखांत काय होणार?

शिवाजीनगर कोर्टात असे दावे चालवलेल्या कुणी सांगाल का: मित्राला पक्षकार न करता फक्त टेम्पोचा मालक आणि त्याच्या विमा कंपनीवर दावा लावला, तर नंतर मित्राकडे खरंच वसुली येते का? आणि 164 की 166, हे ठरवण्याआधी अपंगत्वाचं प्रमाणपत्र हातात असावं का? डॉक्टर म्हणतात, हाड जुळल्याशिवाय ते देता येत नाही, आणि कायद्यात दाव्याला मुदत अपघातापासून सहा महिन्यांची आहे. एफआयआर, पंचनामा, डिस्चार्ज कार्ड, पगाराच्या स्लिपा जमवल्या आहेत. आणखी काही माहिती लागली तर विचारा, लगेच देते.