सल्ला हवा: डोंगरातल्या गाइडने माहितीपटाकडे वळावं कसं?

घाटवेडा (ठाणे):
नमस्कार मंडळी. उत्तरकाशीच्या निममधून (नेहरू गिर्यारोहण संस्था) गिर्यारोहणाचं बेसिक, अॅडव्हान्स झालंय. मे-जूनमध्ये हिमालय, एरवी सह्याद्री, असं गाइडचं काम चालतं. आता माहितीपट करायचा आहे. विषय ठरलाय: माळशेज-नाणेघाट पट्ट्यातले म्हातारे वाटाडे. त्यांच्यामागे कित्येक घाटवाटा मोडतील, म्हणून घाई आहे. कॅमेरा कोणता घेऊ? कोर्स करू का? काम सोडावं का? वर्तकनगरच्या घराचे हप्ते चालू आहेत.

सानपाडेकर:
काम अजिबात सोडू नका दादा. कॅमेरामन पुष्कळ मिळतात, पण त्यांना कड्याच्या धारेवर दोराचा अँकर नीट लावून उभं करणारा माणूस सहज मिळत नाही. आधी शूटिंग युनिटबरोबर सेफ्टीचं काम घ्या. पैसे मिळतील आणि दिग्दर्शक तोच शॉट पुन्हा का घेतो तेही जवळून कळेल. फक्त बिले देत असताना, म्हणजे दुसऱ्याचा दोर सांभाळत असताना, कॅमेऱ्याला हात लावायचा नाही.
माहितीपट करणारे डेव्हिड ब्रेशियर्स मुळात गिर्यारोहकच. १९९६ मध्ये त्यांची टीम आयमॅक्स कॅमेरा घेऊन एव्हरेस्टवर होती. कॅमेरा सुमारे १९ किलोचा, आणि ५०० फुटांचं रीळ दीड मिनिटात खलास! १० मेच्या वादळात माणसं अडकली तेव्हा त्यांनी शूटिंग थांबवलं, वर साठवलेला स्वतःचा ऑक्सिजन देऊ केला आणि जखमींना खाली आणायला मदत केली. शिखरावर ते नंतर, २३ मेला पोचले. तुमच्यासारख्याने हा माणूस जरूर अभ्यासावा.

रानजाई:
मी साउंडमध्ये काम करते. कॅमेरा सध्या आहे तोच वापरा, पैसे माइकवर घाला. घाटमाथ्यावरच्या वाऱ्यात आजोबांचं बोलणं गेलं तर पुढे काहीच करता येत नाही. कॉलर माइक, त्यावर केसाळ विंडशील्ड आणि छोटा रेकॉर्डर एवढं हवंच. एडिटिंगला दा विंची रिझॉल्व्हची फुकट आवृत्ती पुरते. कोर्स करायचाच तर पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट संस्थेचे अल्पमुदतीचे पाहा. आणि वाटाड्यांना शूटिंगच्या दिवसांची मजुरी द्या, त्यांचा तो रोजगार बुडतो.

पारसिक:
परवानग्या आधी. हरिश्चंद्रगड अभयारण्यात येतो, येऊर राष्ट्रीय उद्यानात. दोन्हीकडे वनखात्याला विचारल्याशिवाय शूटिंग नको, ड्रोन तर नकोच.

घाटवेडा:
मनापासून आभार. काम सोडत नाही. एक अडचण आहे: मुरबाडकडचे एक बाबा एरवी भरभरून बोलतात, पण कॅमेरा लावला की गप्प.

रानजाई:
त्यांना खुर्चीत बसवून प्रश्न विचारू नका. माइक घरातच लावा आणि वाटेला लागा. कॅमेरा त्यांच्या मागे ठेवा. पाण्याचं टाकं, जुनी खूण, वाट चुकायची जागा आली की ते आपणहून थांबून सांगतील. गावात शिरेपर्यंत रेकॉर्डर बंद करू नका.