जेजोमार नावाबद्दल

वर विचारलंय की ऑफिसातल्या फिलिपिनो माणसाचं नाव जेजोमार, हे स्पॅनिश आहे का. तसं सरळ स्पॅनिश नाही हो, जोडनावाचा कारभार आहे, जेझसचा जे, जोसेफचा जो आणि मेरीचा मार, म्हणजे अख्खी पवित्र फॅमिली एकाच पोराच्या नावात बसवलेली. २०१० ते २०१६ तिथले उपराष्ट्राध्यक्ष होते ते जेजोमार बिनाय, त्यांना सगळे जोजोच म्हणायचे. असली जोडनावं तिकडे कॉमन, मुलीचं लुझविमिंडा तर लुझोन, विसायास, मिंडानाओ या देशाच्या तीन भागांची नावं मिळून बनलंय, आख्खा देशच! आडनावं मात्र बरीचशी स्पॅनिश, कारण स्पॅनिश राजवटीत १८४९ मध्ये तिथल्या गव्हर्नर क्लावेरियाने हुकूम काढून यादीतून आडनावं वाटली. पोराचं अस्सल टागालोग (तिथली भाषा) नाव हवं तर बायानी बघा, अर्थ वीर, मला तेच जास्त आवडतं.