मदत हवी आहे: ‘गेम्समास्टर’मध्ये आमचा दादा दिसला का कुणाला?

नमस्कार मंडळी, विषय जरा येडचाप आहे पण इथे युकेवाले बरेच आहेत म्हणून टाकतेय. माझा मामेभाऊ लेस्टरला वाढला आणि शाळेत असताना तो टीव्हीवर व्हिडिओ गेम खेळायला गेला होता हे आम्ही दर दिवाळीला ऐकलंय. शो म्हणजे चॅनल ४ वरचा गेम्समास्टर, १९९२ ला सुरू झालेला. पोरं स्टेजवर यायची, दिलेलं चॅलेंज पूर्ण करायचं, जिंकलं की सोनेरी जॉयस्टिक. आणि चॅलेंज देणार कोण तर पॅट्रिक मूर! तेच, टीव्हीवरच्या ‘द स्काय अॅट नाइट’ कार्यक्रमवाले खगोलशास्त्री आजोबा, इथे मात्र पडद्यावर नुसतं भलंमोठं डोकं आणि त्याला कायकाय यंत्रं चिकटवलेली.

आता दादाची लेक चौदाची झालीय आणि ती म्हणते बाबा फेकतोय. मामीने माळ्यावरून कॅसेट शोधून काढली, वर तिच्याच अक्षरात ‘गेम – पुसू नये’ असं लिहिलेलं, लावली तर आत मावशीच्या लग्नाचं शूटिंग 😭

हाताशी एवढंच आहे: दादा म्हणतो गेम सोनिक होता आणि सेटवर सगळीकडे लोखंडी पाइप होते. मामी म्हणते छे, चर्च होतं, मी चपला बाहेर काढू का असं विचारलं होतं. मामी म्हणते जिंकला, दादा म्हणतो हरलो, आणि जॉयस्टिक तर घरात कुणीच पाहिलेली नाही.

प्रतिसाद १:
ताई, मामींचं बरोबर असेल तर पहिला सीझन, जानेवारी ९२ पासूनचा. तो खरंच लंडनमधल्या एका जुन्या चर्चमध्ये शूट झालेला आणि एपिसोड १० च आहेत, एका रविवारी बघून होतील. पाइप म्हणजे दुसरा सीझन, त्यात तेलाच्या रिगचा सेट होता, ते २६ आहेत. होस्ट दोन्हीकडे डॉमिनिक डायमंडच, खवचट माणूस, पोरगं हरलं की सोडायचा नाही. तिसऱ्याला डेक्स्टर फ्लेचर होता.
अजून एक, राग नका मानू, पण दादा खेळायलाच गेले होते ना? कारण मध्ये एक भाग असायचा, गेममध्ये कुठे अडकलेली पोरं मूरना येऊन विचारायची आणि ते उपाय सांगायचे. त्यात जॉयस्टिक वगैरे काही नसायचं.

धागाकर्ती:
आत्ताच फोन केला. आधी गप्पच बसला, मग म्हणतो, “अगं, पण मूर माझ्याशी बोलले होते ना.”
आयला!! म्हणजे तेहतीस वर्षं आम्ही… जाऊ दे. पाइपांचंही आता म्हणतो ते पुढे टीव्हीवर बघितलेलं असेल. तर मंडळी, पहिल्या सीझनमधला तो प्रश्न विचारायचा भाग बघा प्लीज. बारीक पोरगा, मरून स्वेटर, मामीने तेल चोपडून पाडलेला भांग. सापडला तर व्यनि (खाजगी निरोप) करा, इथे नको, त्याची लेक मराठी वाचायला शिकतेय.