नटाने घेतलेल्या ॲडिशनचा लेखक कोण?

तिसरी घंटा: विनोदी नाटक रुळलं की संहितेबाहेरची वाक्यं, म्हणजे ॲडिशन्स, वाढत जातात आणि मोठे हशे बहुधा त्यांनाच मिळतात. पुढे नाटक नव्या संचात आलं की तीच वाक्यं जशीच्या तशी बोलली जातात. नाव आणि मानधन मात्र एकट्या नाटककाराचं. माझ्या मते नट सहलेखक ठरतो.

विंगेतला: मुळीच नाही. १९५७च्या कॉपीराइट कायद्यात सहलेखनाला दोन अटी आहेत: काम मिळून केलेलं हवं आणि एकाचा वाटा दुसऱ्यापासून वेगळा काढता येऊ नये. ॲडिशन तर बोट ठेवून दाखवता येते, आणि ती घेताना लेखकाला विचारतं कोण? नटाला कलम ३८चे हक्क आहेतच, तेही ५० वर्षं.

तिसरी घंटा: ते सादरीकरणाचे. उद्या दुसरा नट तेच वाक्य बोलला, तर पहिल्याच्या हाती काय? आणि वाटा वेगळा काढता येतो म्हणता, मग त्या तुकड्याचा लेखक नटच की! हाती लेखणी असेल तोच लेखक, असंही नाही. 'इंडिया विन्स फ्रीडम' मौलाना आझादांनी उर्दूत सांगितलं, हुमायून कबीरांनी इंग्रजीत लिहिलं. १९८९मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने दोघांना प्रथमदर्शनी सहलेखक मानलं.

विंगेतला: तिथे दोघांचं आधी ठरलं होतं, कबीरांचा मसुदा आझाद तपासत. इथे नाटककार चिडला तर कलम ५७ काढेल: लौकिकाला बाधा आणणारा फेरफार. शिवाय चार शब्दांच्या कोटीला कॉपीराइट मिळणं अवघडच. पाच मिनिटांचा प्रवेश रचला असेल तर गोष्ट वेगळी.

प्रॉम्प्टर: दोघांचंही घोडं पुराव्यापाशी अडेल. तारखेचा पक्का कागद म्हणजे प्रयोगाआधी संहिता तपासणाऱ्या रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे दिलेली संहिता, आणि ॲडिशन नेमकी तिच्यात नसते. म्हणून प्रॉम्प्टच्या प्रतीत पान, वाक्य, नट, तारीख नोंदवा, प्रयोगाचं ध्वनिमुद्रण ठेवा. मग कलम १९प्रमाणे हक्क सोपवण्याचा लेखी करार, सहीसकट. त्यात मुदत लिहिली नाही तर ५ वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नाही तर फक्त भारत. अमेरिकेचा दौरा ठरला की नेमकं हेच नडतं.

तिसरी घंटा: नोंद ठेवायची म्हणजे मंडळाने न पाहिलेली वाक्यं बोललो, अशी लेखी कबुलीच! कोणता निर्माता ठेवू देईल?

प्रॉम्प्टर: म्हणून आधी सुधारित संहिता मंडळाकडे पाठवायची. लेखकाच्या नावाचा वाद तिथेच, प्रयोगाआधी निघेल.