मदत हवी आहे: वन डायरेक्शनचा एकच अल्बम घ्यायचा, तर कुठला?

मंडळी, भाचीचा अठरावा वाढदिवस जवळ आलाय. तिला वन डायरेक्शनची (त्या पाच पोरांच्या बँडची) एलपी, म्हणजे मोठी तबकडी, द्यायची आहे. घरात अण्णांचा रेकॉर्ड प्लेअर अजून ठणठणीत आहे. सांगलीतलं घर, त्यामुळे त्यावर आजवर नाट्यसंगीत सोडून फारसं काही वाजलेलं नाही. अण्णांची परवानगी काढलीये (अट एकच, सुई तेच ठेवणार). एलपी बाहेरून मागवावी लागेल आणि खिशाला एकच झेपेल. भाचीला विचारायची सोय नाही, लगेच ओळखेल.

पाचही अल्बम ऐकून काढले. 'अप ऑल नाइट' (२०११) फारच कोवळा. 'टेक मी होम' (२०१२) त्याचाच धाकटा भाऊ. 'मिडनाइट मेमरीज'पासून (२०१३) पोरं स्वतः लिहायला बसलेली जाणवतात, विशेषतः लुई आणि लिअम. गिटारही पुढे येते. 'फोर' (२०१४) त्याच वाटेवरचा, पण जास्त मुरलेला. मला स्वतःला आवडला तो शेवटचा, 'मेड इन द ए.एम.' (२०१५). घोळ असा की त्याच वर्षी मार्चमध्ये झेन बाहेर पडला, त्यामुळे त्यात चौघेच आहेत. आणि भाचीच्या कपाटाच्या दारावर आतून झेनच चिकटवलाय!

प्रतिसाद १: मामा, वाढदिवस कुणाचा? 'फोर' घ्या. 'नाइट चेंजेस' त्यातच आहे, आणि झेनही. पहिले चारही अल्बम अमेरिकेत बिलबोर्ड २०० या खपाच्या अल्बमच्या यादीत थेट पहिल्या नंबरला उतरले होते, पण त्या चारांत सलग ऐकवतो तो हाच.

प्रतिसाद २: 'मिडनाइट मेमरीज'ला इतक्यात उडवू नका. 'स्टोरी ऑफ माय लाइफ' आजोबांनाही आवडेल.

प्रतिसाद ३: अल्बम राहू द्या, आधी प्लेअर बघा. जुनं नाट्यसंगीत ७८च्या (मिनिटाला ७८ फेऱ्यांच्या) तबकड्यांवर असायचं, एलपीला ३३चा वेग लागतो. शिवाय ७८ची सुई जाड असते. तीच ठेवलीत तर नव्या एलपीच्या खाचा गेल्या म्हणून समजा.

धागाकर्ता: प्रतिसाद ३, पाया पडतो! अण्णांना विचारलं. दोन्ही वेग आहेत, एलपीसाठी सुई उलटवायची असते म्हणाले, आणि वर 'एवढंही माहीत नाही?' हेही ऐकून घेतलं. 'फोर' पक्का. आता पुण्यात किंवा कोल्हापुरात खात्रीची एलपी कुठे मिळेल, तेवढं सांगा.